लिनआत्या पानावर बसली

आऊ सूत-लिन हाँगकाँगहून परत आली, तेव्हा अख्ख्या गावाला वाटलं होतं की ती टीव्ही आणणार. त्या वर्षी जो येई तो टीव्ही आणी. लिनआत्या बसमधून उतरली ती एक लाकडी पेटी, एक लोखंडी कढई आणि जुन्या टॉवेलात गुंडाळलेले दोन सत्तूर घेऊन. अंगात पांढरा सदरा, खाली काळी विजार, डोक्यावर घट्ट अंबाडा. वय त्रेसष्ट.

तिची भावजय फान बसथांब्यावर हातगाडी घेऊन आली होती. पेटी उचलताना ती म्हणाली, "वन्सं, बाकीचं सामान मागून येतंय का?"

"कुठलं बाकीचं?" आत्या म्हणाली. "एवढंच माझं आहे."

फानचा चेहरा पडला. मी शाळेतून परत येत होते, म्हणून हे पाहिलं. गावात मला सगळे मास्तरीणबाई म्हणतात. शाळा सुटली की लोकांची पत्रं वाचणं आणि अर्ज लिहिणं हे माझं दुसरं काम. लिनआत्याची हाँगकाँगहून येणारी पत्रं तिच्या भावाला वर्षानुवर्षं मीच वाचून दाखवली होती. ती कुणाकडून तरी लिहून घेई, आणि प्रत्येक पत्रात शेवटी एकच वाक्य असे: घराचं छप्पर गळत असेल तर कळवा. भावाचं ते तीन खोल्यांचं घर तिच्याच कष्टावर उभं राहिलं होतं. तिने ते तोवर फक्त फोटोत पाहिलं होतं.

दक्षिण चीनमधल्या आमच्या शुनदाकमध्ये एके काळी घरोघर रेशीम होतं. आत्या तेराव्या वर्षी सूत काढायच्या कारखान्यात लागली. दिवसभर उकळत्या पाण्यात बोटं घालून कोश उलगडायचे. त्या बायका कमावत्या होत्या, आणि त्यातल्या पुष्कळजणी लग्नच करत नसत. कुन-याम देवीसमोर वेणी सोडायची, केस विंचरून अंबाडा घालायचा, आणि जन्मभर कुणाची बायको होणार नाही अशी शपथ घ्यायची. मग गाव तिला आत्या म्हणे. सूत-लिनने एकोणिसाव्या वर्षी शपथ घेतली. तिचे केस विंचरले ते हिनआत्याने, जी तिच्याहून सोळा वर्षांनी मोठी आणि तेव्हापासून जिभेने तिखट.

पुढच्याच वर्षी रेशमाचा बाजार बसला, कारखान्याला कुलूप लागलं. सूत-लिन होडीत बसून हाँगकाँगला गेली आणि सितू नावाच्या कुटुंबात स्वयंपाकाला राहिली. त्याच महिन्यात त्या घरात नवी सून आली होती, अठरा वर्षांची. दोघी त्या घरात बरोबरच नव्या होत्या. एक वर राहायला गेली, एक खाली.

तिथे ती त्रेचाळीस वर्षं राहिली.

मधे जपानी आले. तांदूळ मोजून मिळू लागला, मांस तर दिसेनासं झालं. सितूंची तीन मुलं तेव्हा लहान होती. लिनआत्याला कधी मूठभर डुकराचं मांस मिळालंच, तर ती ते दोन सत्तुरांनी हाताने बारीक करी. त्यात खारवलेला मुळा, भिजवलेली अळंबी, तळ्यातले काळे गोड कंद असलं काय काय चिरून घाली आणि खिमा चौपट करी. मग लेट्यूसच्या गार पानात एकेक चमचा भरून मुलांच्या हातात देई. मुलांना वाटे, मेजवानी आहे. युद्ध संपलं, मांस परत आलं, तरी त्या घरात दर रविवारी तेच मागितलं जाई. मुलं मोठी झाली, त्यांचे पाहुणे आले, पाहुण्यांच्या घरी कीर्ती गेली. सितूबाईंच्या लिनच्या हातची पानं खायला लोक आमंत्रणं मागून घेत.

फानच्या घरी आत्या दोन महिने राहिली. फान वाईट बाई नव्हती, भित्री होती. एका सकाळी आत्या अंगणात दात घासत होती आणि आत फान नवऱ्याला सांगत होती. आवाज हळू होता, पण भिंत विटेचीच.

"मी काय त्यांना हाकलतेय का? पण लग्न न झालेल्या पोरीने माहेरच्या छपराखाली डोळे मिटले, तर घराला बाधा होते, हे तुमच्याच आईने मला सांगितलंय. आपल्या घरात लग्नाचा मुलगा आहे. वन्संचं वय काय कमी आहे?"

काम-चुन, म्हणजे आत्याचा भाऊ, गप्प बसला. तो कायमच गप्प बसत आलेला माणूस.

आत्याने चूळ भरली, आत गेली, पेटी बांधली. फान रडायला लागली. "वन्सं, मी तसं नाही हो म्हटलं…"

"तू बरोबरच म्हटलंस," आत्या म्हणाली. "फक्त मी अजून मरायचं ठरवलेलं नाही. मला चूल हवी आहे. तुझ्या चुलीला तू मला हात लावू देत नाहीस, तांदूळसुद्धा धुवू देत नाहीस. पाहुण्यासारखी किती दिवस बसू?"

गावाच्या टोकाला, तळ्याच्या बांधावर, आत्यांचं घर होतं. शपथ घेतलेल्या आठ जणींनी साठ वर्षांपूर्वी मिळून बांधलेलं, म्हातारपणी राहायला. त्यांतली आता एकटी हिनआत्या उरली होती, वय एकोणऐंशी, तोंडात एक दात. ती मागच्या खोलीत कोळशाच्या शेगडीवर पेज शिजवून दिवस काढत होती. बाकी घर गावाच्या कचेरीने गोदाम करून टाकलं होतं. स्वयंपाकघरात छतापर्यंत रेशीमकिड्यांच्या बांबूच्या ताटल्या रचलेल्या, चूल कधीच ढासळलेली.

लिनआत्या पेटी घेऊन दारात उभी राहिली. हिनआत्याने डोळे बारीक केले.

"कोण? लिन? म्हातारी झालीस की गं."

"तू तर तेव्हाच म्हातारी होतीस."

"ये. पण सांगून ठेवते, मी पेज कुणाबरोबर वाटून खात नाही."

"तुझी पेज तुलाच लखलाभ," लिनआत्या म्हणाली आणि बाह्या दुमडल्या.

तिने मला अर्ज लिहायला लावला: घर आत्यांचं आहे, ताटल्या हलवाव्यात. कचेरीतून उत्तर आलं की ताटल्या ठेवायला दुसरी जागा नाही. आत्याने ते उत्तर माझ्याकडून दोनदा वाचून घेतलं, घडी करून खिशात ठेवलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळपासून एकेक ताटली उचलून कचेरीच्या दारात नेऊन रचू लागली. भांडण नाही, आरडाओरडा नाही. धूळ झाडून, फडक्याने पुसून, एकावर एक सरळ. तिसऱ्या दिवशी कचेरीत जायला जेमतेम एका माणसाची वाट उरली. सेक्रेटरी वाकडा होऊन बाहेर आला.

"आत्या, हे काय चालवलंय?"

"तुमच्या वस्तू परत करतेय. एकशेचाळीस झाल्या, साठ राहिल्यात. मोजून घ्या, नंतर कमी म्हणू नका."

सेक्रेटरीला हसू आवरेना. त्याने बैलगाडी पाठवून उरलेल्या साठ उचलून नेल्या, आणि वर चूल बांधायला गवंडीही दिला.

गवंड्याचा मात्र जीव मेटाकुटीला आला. आत्या त्याच्या डोक्यावर उभी राहून सांगे, "तोंड एवढं नको, जाळ बाहेर येतो. कढई बसवून बघ. आणखी खाली. माझी कंबर इथे येते, ओटा इथे हवा." हाँगकाँगच्या ओट्यांवर ती आयुष्यभर वाकून राबली होती, कारण ते तिच्या मापाने कुणी बांधलेच नव्हते. हा ओटा तिच्या मापाचा झाला.

चूल वाळली त्या दिवशी थंडी होती. आत्या पहाटे बाजारातून खांद्याचं मांस घेऊन आली, कडेला पांढऱ्या चरबीची पट्टी असलेलं. मला निरोप आला: शाळा सुटली की सरळ इकडे ये.

मी पोचले तेव्हा दोन्ही सत्तूर चालू होते. टक-टक, टक-टक, आळीपाळीने, जसा कुणी नगारा वाजवावा. मधेच ती सत्तुराच्या पात्याने मांस उलटवी, घडी घाली, पुन्हा सुरू.

"यंत्रातून काढलं तर होत नाही का?" मी विचारलं.

"यंत्र त्याचा चिखल करतं. चिखलाला चव असते, पण दाताखाली काही येत नाही. दाणा राहिला पाहिजे." मग आवाज चढवून ती म्हणाली, "तुझ्या वाट्याचं वेगळं बारीक केलंय गं, हिनताई! तुझ्या त्या एका दातासाठी."

"त्या दाताला नावं ठेवू नकोस," मागून आवाज आला. "बाकीचे पळाले, तो राहिला."

खिम्याला तिने सोयाचं पाणी लावलं, चिमूटभर साखर, पांढरी मिरी, थोडं कॉर्नफ्लोअर, आणि वरून तेलाचा हात. तो मुरेपर्यंत काळे कंद सोलून त्यांचे तांदळाएवढे तुकडे केले. अळंबी पिळून चिरली. खारवलेला मुळा दोनदा धुतला, कारण एकदा धुतला तर सगळा पदार्थ तोच खातो. लेट्यूसचे गड्डे तिने बुडखा वर करून नळाखाली धरले, पाण्याच्या जोराने पान आपोआप सुटे. एकही फाटलं नाही. मग कात्रीने प्रत्येक पानाची कड गोल कापून ती पानं गार पाण्यात बुडवून ठेवली.

कढई तापून धूर यायला लागला तेव्हा तिने तेल फिरवलं, आलं-लसूण टाकलं, आणि खिमा सोडला. चर्र आवाज झाला आणि सगळं घर त्या वासाने भरलं. साठ वर्षांच्या भिंती, कित्येक वर्षांत त्यांना कोळशाशिवाय दुसरा वास ठाऊक नव्हता. मांसाचा रंग बदलला की अळंबी, मग मुळा, आणि अगदी शेवटी कंद. "कंद शिजवायचे नाहीत," ती म्हणाली. "त्यांना नुसती ऊब द्यायची. कुरकुरीत राहिले पाहिजेत."

टेबलावर तिने तीन वाट्या मांडल्या. मधे खिमा, शेजारी निथळलेली पानं, एका बशीत सोयाबीनची गोडसर काळी चटणी. हिनआत्या बसली, मी बसले. लिनआत्या आमच्या मागे उभी राहिली, हातात डाव.

आम्ही वाट बघत राहिलो. ती उभीच.

"बस की," हिनआत्या म्हणाली.

"तुम्ही घ्या, मी वाढते."

"तिसरी वाटी कुणाची मग? मालकिणीची वाट बघतेस? ती काही होडीतून येत नाही. बस!"

लिनआत्या बसली, पण स्टुलाच्या अगदी कडेला, बोलावणं आलं की उठता यावं अशी. तिने एक पान घेतलं. त्याच्या मधोमध चटणीचं बोट फिरवलं, चमचाभर खिमा ठेवला, पान मिटलं आणि तोंडात घातलं. करकर आवाज झाला. ती चावायची थांबली. आमच्याकडे बघत राहिली.

"काय झालं? मीठ कमी?" मी विचारलं.

तिने मान हलवली. घास गिळून म्हणाली, "हे कुरकुरीत असतं गं."

हिनआत्या तिच्याकडे बघत राहिली. "तूच केलंस ना? मग नवल काय?"

"केलं हजार वेळा. पण माझी जेवायची वेळ येईपर्यंत वरचे सगळे उठलेले असत. खिमा गार झालेला, पानं मलूल. मी ते भातावर घालून खाई. मला वाटे, चव हीच. लोक एवढं का नावाजतात ते मला कधी कळलंच नाही." तिने दुसरं पान उचललं. "आता कळलं. खरंच चांगलं करते की मी!"

आणि ती हसायला लागली. हसता हसता स्टुलावर नीट मागे सरकून बसली. त्या दिवशी तिने अकरा पानं खाल्ली. मी मोजली, कारण हिनआत्या मोजत होती आणि मधेच तिचा आकडा चुकला.

नव्या वर्षाच्या पहिल्या महिन्यातल्या सव्विसाव्या दिवशी कुन-याम देवी आपला खजिना उघडते. आमच्या बोलीत लेट्यूस म्हटलं काय आणि 'धन येवो' म्हटलं काय, कानाला सारखंच लागतं. म्हणून त्या दिवशी घरोघर लेट्यूसच्या पानात काही ना काही गुंडाळून खायचं. देवळात उदबत्तीचा धूर पुन्हा दिसायला लागून तेव्हा एक-दोनच वर्षं झाली होती, त्यामुळे लोकांना उत्साह फार. दमट हवा होती, भिंतींना घाम सुटला होता.

दुपारच्या आत गावात एक भाड्याची गाडी शिरली. गाडी फानच्या दारात थांबली आणि आतून एक म्हातारी बाई उतरली. फरचा कोट, मनगटात हिरवी जेडची बांगडी. फानने धावत जाऊन खुर्ची पुसली, मुलाला चहा आणायला पिटाळलं.

"आ-लिन कुठे आहे?" बाईंनी विचारलं.

फानने बांधाकडे बोट दाखवलं.

"तिकडे? का? हे घर तिने बांधलं ना? मला ती दर नव्या वर्षाला फोटो दाखवायची, हे बघा माझं घर म्हणून."

फानने मान खाली घातली. बाई न बसताच निघाल्या. अर्धं गाव मागे, आणि सर्वांत मागे फान.

मी आत्यांच्या घरी आधीच पोचले होते, पानं पुसायला; फानच्या दारातलं नंतर ऐकलं. लिनआत्या दाराकडे पाठ करून खिमा करत होती. पावलं वाजली, तिने वळून पाहिलं, आणि तिच्या हातातले सत्तूर थांबले.

"बाईसाहेब!"

"किती शोधायला लावलंस, आ-लिन," सितूबाई म्हणाल्या. त्यांनी सगळं घर नजरेने पाहिलं: चूल, ओटा, भिंतीला टांगलेली कढई. "चल, आवर. गाडी उभी आहे. तुझी खोली मी तशीच ठेवली आहे."

"बसा आधी," लिनआत्याने स्टूल पुढे केलं. "बाईसाहेब, त्या खोलीत इस्त्रीचं टेबल उघडलं की दार लागत नव्हतं."

"मग मोठी खोली घे! मुलांच्या खोल्या रिकाम्याच आहेत. तिघंही कॅनडात. साहेब गेले. मी एवढ्या मोठ्या घरात एकटी." त्या स्टुलावर टेकल्या. "या चार महिन्यांत तीन बायका ठेवल्या. एकीलाही तुझी पानं जमत नाहीत. रविवार आला की मला जेवणच जात नाही. आपण दोघी एकाच महिन्यात त्या घरात आलो, लिन. मला वाटलं, शेवटही बरोबरच."

मला धास्ती वाटली. त्रेचाळीस वर्षांची सवय, एका हाकेला पाय आपोआप निघतात.

लिनआत्याने हात फडक्याला पुसले. "मी येणार नाही, बाईसाहेब," ती म्हणाली. "रागाने नाही. तुमच्या मुलांना मी माझ्या हाताने वाढवलंय, त्यांचं कधी वाईट चिंतणार नाही. पण ही चूल माझ्या कमरेच्या मापाची आहे. ही सोडून मी कुठेच जात नाही. तुम्हाला मात्र रिकाम्या हाताने पाठवणार नाही. कोट काढा."

"का?"

"शिकवते. रविवारी स्वतःच्या हाताने करून खा."

"मी? या वयात?"

"मी तुमच्याहून दोन वर्षांनी मोठी आहे."

दारातून कुणीतरी हसलं. सितूबाईंनी गर्दीकडे पाहिलं, मग लिनआत्याकडे. आणि खरोखरच कोट काढला. बांगडी निघेना, ती त्यांनी बाहीत वर सारली. लिनआत्याने एक सत्तूर त्यांच्या हातात दिला. बाईंनी तो फुलदाणी धरावी तसा दोन्ही हातांनी धरला.

"एका हाताने. मनगट सैल सोडा. हां. आता मारा."

बाईंनी मारला. मांसाचा एक तुकडा उडून थेट हिनआत्याच्या मांडीवर पडला.

"अगं, मारतेस की माश्या हाकतेस?" हिनआत्या कडाडली. सितूबाईंना आयुष्यात कुणी 'अगं' म्हटलं नसावं. त्या अशा काही हसायला लागल्या की सत्तूर खाली ठेवावा लागला. त्यांच्याबरोबर सगळं गाव हसलं.

त्या शिकल्या मात्र मन लावून. खिमा जाडाभरडा झाला, पण झाला. मुळा दोनदा का धुवायचा ते विचारून घेतलं. पानं सोडवताना पहिली सात फाटली, आठवं अख्खं निघालं तेव्हा त्यांनी ते वर धरून सगळ्यांना दाखवलं. कढईपाशी लिनआत्या शेजारी उभी राहिली, पण डावाला हात लावला नाही. "आता कंद. आता! बस, उतरवा. उतरवा म्हणते ना!" असं ओरडली, तेव्हा ती बाईसाहेब म्हणायचं विसरली होती.

मग आम्ही चौघी टेबलाला बसलो. सितूबाईंनी पहिलं पान खाल्लं, डोळे मिटून घेतले. "तेच," त्या म्हणाल्या. "अगदी तेच." आणि समाधानाने, काही विचार न करता, रिकामा कप पुढे सरकवला. "आ-लिन, चहा."

मी लिनआत्याकडे पाहिलं. तिचा हात टेबलाच्या कडेपर्यंत गेला होता, उठण्यासाठी. मग तिने तो परत मांडीवर ठेवला.

"किटली तुमच्या उजव्या हाताला आहे, बाईसाहेब," ती शांतपणे म्हणाली. "आणि ओतताच आहात, तर हिनताईलाही ओता. तिचा हात कापतो."

सितूबाई लाल झाल्या. त्यांनी किटलीकडे पाहिलं. मग त्या उठल्या. आधी हिनआत्याच्या कपात ओतला, मग माझ्या. शेवटी लिनआत्यापाशी आल्या आणि किटलीला दुसरा हात लावून, आपण वडीलधाऱ्यांना ओततो तसा, कप काठोकाठ भरला. लिनआत्याने बोटं दुमडून टेबलावर दोनदा टकटक केलं, बरोबरीची माणसं चहाचे आभार मानतात तसं.

"चुकलं माझं," सितूबाई हळूच म्हणाल्या. "तुला कधी बसलेलं मी पाहिलंच नव्हतं."

"मीही नव्हतं पाहिलं," लिनआत्या म्हणाली. "खा, पान मऊ पडतंय."

तेवढ्यात तिचं लक्ष दाराकडे गेलं. फान चौकटीला धरून उभी होती, डोळे सुजलेले.

"वन्सं," ती म्हणाली, "घरी चला. मधली खोली रिकामी केलीय. कुणी काय म्हणायचं ते म्हणू दे. बाधा व्हायची ती होऊ दे."

"मी घरीच आहे की," लिनआत्या म्हणाली. "बाहेर तूच उभी आहेस. आत ये. तुझा नवरा कुठाय? त्यालाही बोलाव, आणि येताना चार स्टुलं घेऊन या, इथे पुरत नाहीत."

फान दोन स्टुलं घेऊन आली. काम-चुन आला, डोक्यावर आणखी दोन घेऊन. खाली बसल्यावर त्याने पहिल्यांदा आपल्या हाताने पान भरलं आणि ते बहिणीपुढे धरलं. आत्याने ते घेतलं, खाल्लं आणि म्हणाली, "चटणी विसरलास." मागून आलेल्या लोकांनी आपापल्या घरातून लेट्यूस आणले, कुणी शिंपले आणले, कुणी पातीची भाजी. संध्याकाळपर्यंत तिच्या चुलीची आग विझली नाही. सितूबाई जाताना दोन गड्डे आणि खारवलेल्या मुळ्याची बरणी घेऊन गेल्या. गाडीत बसताना त्यांनी लिनआत्याला हाक मारली ती 'लिनताई' म्हणून.

पाच आठवड्यांनी त्यांचं पत्र आलं. मी ते चुलीपाशी बसून वाचलं. पहिल्या रविवारी करपलं. दुसऱ्या रविवारी मुळा एकदाच धुतला, खारट झालं. तिसऱ्या रविवारी वास वरपर्यंत गेला आणि वरच्या मजल्यावरची शेजारीण विचारायला आली. चौथ्या रविवारी ती नवऱ्याला घेऊन जेवायला आली. आता दर रविवारी टेबलाला पाचजण असतात, आणि चहा बाई स्वतः ओततात. लिनआत्याने ते पत्र आणखी तीनदा वाचायला लावलं. करपल्याचा भाग तिला विशेष आवडला.

पुढच्या वर्षांत गावातल्या किती पोरी तिच्याकडे शिकायला आल्या, सांगता येणार नाही. लग्न ठरलं की आई पोरीला आठ दिवस बांधावरच्या घरी पाठवी. आत्या त्यांना पहिल्या दिवशी करायला शिकवी आणि दुसऱ्या दिवशी एकच गोष्ट बजावी: गरम असताना बसायचं, सगळ्यांबरोबर. कुणी वाढायला उभं राहायचं असलं, तर पाळीपाळीने.

चार वर्षांनी कचेरीतून घरनोंदणीसाठी एक तरुण कारकून आला. मला सोबत घेऊन तो घरोघर फिरत होता. आत्यांच्या घरी त्याने वही उघडली. आऊ सूत-लिन, वय सदुसष्ट. आऊ हिन, वय त्र्याऐंशी. दोघी अविवाहित. मग त्याची लेखणी थांबली.

"कुटुंबप्रमुख कुणाला लिहू? भाऊ आहे ना गावात? त्याच्या नावाखाली टाकू?"

लिनआत्या पानं धूत होती. तिने नळ बंद केला, वहीपाशी आली आणि त्या रिकाम्या चौकटीवर ओलं बोट ठेवलं.

"इथे काय लिहिलंय, मास्तरीणबाई?"

"कुटुंबप्रमुख."

"मग माझं नाव घाला. ठळक घाला."

कारकुनाने हिनआत्याकडे पाहिलं. "तुमची हरकत नाही ना, आजी?"

"माझी कसली हरकत?" हिनआत्या म्हणाली. "मला रोज भांडी घासायला लावते. प्रमुख नाही तर काय!"

त्याने नाव लिहिलं. अक्षर बारीक आलं म्हणून आत्याने त्याला ते पुन्हा गिरवायला लावलं, आणि शाई वाळेपर्यंत ती वहीवर फुंकर घालत उभी राहिली.